डाव्या हाताचं मत

अप्पांनी एकदा सही केली आणि माझी चेअरमनकी गेली. पुढच्या खेपेला मी हात जोडून त्यांना सही करू दिली नाही, तर त्यांचीच अब्रू जायची वेळ आली. सोसायटीत अजूनही कुणी विचारलं की बाई, यात चूक कुणाची, तर मी कायद्याकडे बोट दाखवते. कायदा दारात भांडायला येत नाही, म्हणून त्याच्यावर ढकलणं सोयीचं पडतं.

अप्पा आमच्या गल्लीतले, दोन घरं सोडून. मूळचे अक्कलकोटकडचे, घरात कानडी, दाराबाहेर मराठी. सगळी नोकरी कुर्डुवाडीच्या रेल्वे वर्कशॉपात, स्टोअर सांभाळण्यात गेली. रिटायर झाल्यावर सोलापुरात आमच्या सोसायटीत घर बांधलं आणि स्टोअरही बहुतेक सोबतच घेऊन आले. कारण घरात आलेल्या किंवा घरातून गेलेल्या कुठल्याही वस्तूवर सही झाल्याशिवाय त्यांना चैन पडत नसे. लग्नाची पत्रिका आली की कोपऱ्यात सही आणि तारीख. लोणच्याच्या बरणीला फडकं बांधलं की त्याच्यावर कागदाची पट्टी, पट्टीवर सही. गॅसची टाकी बदलली की खडूने टाकीवर सही. घराला रंग दिला तेव्हा रंगाऱ्याला भिंतीच्या तळाशी, कपाटामागे सही करायला लावली आणि शेजारी आपली केली. अव्वा, म्हणजे त्यांच्या बायको, म्हणायच्या, "माझ्या कपाळावर केली न्हाई एवढंच."

सही कानडीत होती. एक मोठं वेटोळं, त्यातून निघालेलं दुसरं वेटोळं, आणि शेवटी खाली ओढलेली शेपटी. आमच्या सोसायटीत तशी सही करणारा दुसरा माणूस नव्हता. हे लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

हा रोग कुठून लागला ते त्यांनी मला एकदा सांगितलं होतं. नवीन नोकरी असताना ओळखीच्या एका फोरमनला त्यांनी सही न घेता मोठा पाना दिला. फोरमन विसरला आणि वर मी नेलाच नाही म्हणाला. पाना पुढे एका इंजिनाखाली सापडला. पण मधल्या दिवसांत सगळं वर्कशॉप अप्पांकडे चोर म्हणून बघत होतं. डबा खायला कुणी शेजारी बसत नव्हतं.

"पाना मिळाला की बाई," ते म्हणाले, "पण ते दिवस कुणी परत जमा केले न्हाईत."

अप्पांकडे एक शिडी होती. बांबूची नाही, लोखंडी, उंच, गल्लीत तेवढी एकच. टाकी बघायची, पत्रा बसवायचा, दिवाळीला आकाशकंदील लावायचा की सगळी गल्ली अप्पांच्या दारात. दाराशी खिळ्याला पाटी आणि खडू टांगलेला. शिडी नेणाऱ्याने पाटीवर सही करायची, परत आणली की अप्पा ती पुसायचे. गंमत म्हणजे स्वतःच्या गच्चीवर चढायला शिडी काढली तरी ते आधी पाटीवर सही करत. मी हसले तर म्हणाले, "उद्या कुणी विचारलं शिडी कुटं हाय, तर मला तरी कळायला पायजे की." आता अप्पा नाहीत. त्यांच्या मुलाने शिडी मला दिली. मी सही-बिही काही घेत नाही, आणि शिडी दोनदा कुणाकडे आहे ते मला सापडलेलं नाही.

तर आमची सोसायटी. विजापूर रोडच्या आत, साधी माणसं, शिक्षक, बँकेतले, एसटीतले, दोन-चार दुकानदार. मधोमध एक मोकळा प्लॉट आणि त्यात बोअर. सोलापुरात नळाला पाणी कधी चार दिवसांनी येतं, कधी पाच, उन्हाळ्यात देवालाच माहीत. मधल्या दिवसांत आमची सगळी घरं त्या बोअरवर जगतात. त्या प्लॉटवर आमच्या चेअरमनसाहेबांचा डोळा होता. त्यांचं बांधकामाच्या सामानाचं दुकान, माणूस गोड, हसून बोलणारा, दर दसऱ्याला घरोघरी सोनं द्यायला येणारा. त्यांच्या मेव्हण्याला तिथे लग्नाचं लॉन काढायचं होतं. "बोअर राहील की बाई," ते म्हणायचे, "लॉनलाही पाणी लागेल, तुम्हालाही." लॉन रोज टँकरभर पाणी प्यायला लागल्यावर आमच्या वाट्याला काय येणार, ते सांगायला मी गणिताची शिक्षिका असायची गरज नव्हती. होते, तरी.

म्हणून मी निवडणुकीला उभी राहिले. आधी सभासद अकरा संचालक निवडून देतात, आणि मग ते अकरा जण आपल्यातून चेअरमन निवडतात. आमचे सहा आले, त्यांचे पाच. आमच्या सहांत मी होते, अप्पा होते, बँकेतून रिटायर झालेले, सगळे ज्यांना बँककाका म्हणतात ते होते. सहाला पाच. चेअरमन मीच होणार हे नक्की. मी मनातल्या मनात पेढ्यांची ऑर्डरसुद्धा दिली होती.

त्या दिवशी सहकार खात्याचे निवडणूक अधिकारी आले. दोनच नावं, चेअरमनसाहेब आणि मी. अधिकाऱ्यांनी प्रत्येकाला दोन नावांची चिठ्ठी दिली, पेन दिलं, आणि कोपऱ्यातल्या टेबलावर जाऊन पाहिजे त्या नावापुढे खूण करा म्हणाले. आता तुम्हीच सांगा. अप्पांच्या हातात कागद दिला आणि पेनही दिलं, तर काय होणार? मोठ्या निवडणुकीत असं होत नाही. तिथे मशीनचं बटण असतं, आणि आधी रजिस्टरवर सही घेतात, तेव्हा अप्पा समाधानाने आत जातात. इथे नुसती खूण करायची होती.

अधिकाऱ्यांनी चिठ्ठ्या उघडल्या आणि एका चिठ्ठीवर थांबले. चष्मा वर-खाली केला. "यावर हे काय आहे? सही आहे का? कुणाची आहे?"

तसा प्रश्न त्यांनी खरं तर विचारायलाच नको होता. पण विचारला, आणि अप्पा उभे राहिले. "माझी हाय."

खूण माझ्या नावापुढे होती. पण मत गुप्त, मत देणाऱ्याची ओळख पटेल असं काही चिठ्ठीवर असलं की ते बाद. राहिले पाचाला पाच. मग अधिकाऱ्यांनी दोन नावांच्या चिठ्ठ्या करून स्टीलच्या डब्यात टाकल्या, वॉचमनच्या बायकोला एक काढायला सांगितली, आणि निघाले चेअरमनसाहेब. ते उठून आधी अप्पांना नमस्कार करायला गेले. मला इतका राग आला होता की मी खुर्चीचा हात धरून बसले.

बाहेर आल्यावर मी म्हटलं, "अप्पा, सही केली ती केली. उभं राहून 'माझी हाय' म्हणायची काय गरज होती? कानडी होती, त्या साहेबांना वाचता तरी येणार होती का?"

"विचारलं की त्यांनी."



मी सहकार न्यायालयात गेले. आमच्या वकिलांनी मुद्दा चांगला काढला होता. म्हणे, ते अक्षर नाहीच, पेन नीट चालत नव्हतं म्हणून मतदाराने ओढून पाहिलेल्या रेघा आहेत. मत कुणाला ते तर स्पष्ट आहे. एवढंच पाहिजे होतं की अप्पांनी साक्षीत म्हणावं, सही केल्याचं आठवत नाही.

"आठवतंय की," अप्पा म्हणाले.

वकील चांगला सोशीक माणूस. त्यांनी पुन्हा समजावलं. अप्पा घरी गेले, विचार केला, दुसऱ्या दिवशी ऑफिस उघडायच्या आधी वकिलांच्या दारात. "नोडरी, बघा वकीलसाहेब, ही सही माझी न्हाय असं म्हटलं, तर मग कुणाची म्हणू? असली सही करणारा माणूस दाखवा, त्याच्या नावानं लावू." ऐकून मी त्या दिवशी त्यांच्याशी बोलले नाही. संध्याकाळी अव्वांनी शेंगाची चटणी पाठवली, वाटीवर चिकटवलेल्या पट्टीवर अप्पांची सही. मग मी हसले. दुसरं काय करणार?

साक्षीच्या दिवशी समोरच्या वकिलांनी चिठ्ठी दाखवून विचारलं, ही सही तुमची का? अप्पांनी चिठ्ठी हातात घेतली, लांब धरली, जवळ धरली. मला क्षणभर वाटलं, फिरतायत वाटतं. तर म्हणाले, "माझीच. शेपटी जरा आखूड झाली. पेन सरकारी होतं." न्यायाधीशसुद्धा खाली बघून हसले.

पण एक सांगायला पाहिजे. केस उभी होती म्हणून न्यायालयाने चेअरमनसाहेबांना रोजचा कारभार बघा, मोठे निर्णय घेऊ नका असा हुकूम दिला होता. तारखा पडत राहिल्या. न्यायाधीश बदलले, वकील आजारी पडले, कधी कोर्टच नव्हतं. संचालक मंडळाची मुदत संपली तरी निकाल नाही. शेवटी वकील म्हणाले, बाई, आता कशाचा निकाल, खुर्चीच संपली. तेवढी वर्षं लॉन मात्र झालं नाही, बोअर आमचा राहिला. अप्पांच्या बाद मताने जे केलं ते मोजलेल्या मताने केलं असतं की नाही कोण जाणे.

पुन्हा निवडणूक आली. पुन्हा आमचे सहा, त्यांचे पाच. अप्पा पुन्हा आमच्यात. बँककाका म्हणाले, "या माणसाला या वेळी घ्यायलाच नको होतं, पुन्हा गंगेत घोडं बुडवेल." मी म्हटलं, ते मी बघते.

मी अप्पांच्या स्वयंपाकघरात शिकवणी घेतली. चिठ्ठ्या केल्या, एका बाजूला लिहिलं वांगं, एका बाजूला दोडका. "अप्पा, दोडक्यापुढे खूण करा आणि पेन खाली ठेवा." अप्पा खूण करायचे, पेन उचलायचे, आणि हात आपोआप खाली यायचा. पहिलं वेटोळं निघालेलं असायचं. त्यांना घाम फुटला. "बाई, मी करत न्हाई. ते होतंय." शेवटी अव्वा भाकरी थापता थापता म्हणाल्या, "डाव्या हातानं करा की."

त्या बाईला मी मनापासून नमस्कार केला. डाव्या हाताला सही माहीतच नव्हती. अप्पांची डाव्या हाताची खूण कावळ्याच्या पायासारखी वाकडी यायची, पण तेवढीच यायची. जाताना दारात ते मला म्हणाले, "बाई, तुमच्यासाठी करतो. पण सही नसलेला कागद म्हंजे नुसता कागद. उद्या कुणी म्हणालं अप्पानं मत दिलंच न्हाई, तर?"

"कोण म्हणणार अप्पा? मी हाय की," मी त्यांच्याच भाषेत म्हटलं.

मतदानाच्या दिवशी अप्पांनी उजवा हात खिशात घातला आणि डाव्याने पेन घेतलं. मी बघत होते. आले, चिठ्ठी घडी करून टाकली, माझ्याकडे बघून मान हलवली. शाळेत पहिल्यांदा पाढा न चुकता म्हटलेल्या पोरासारखा चेहरा.

अधिकाऱ्यांनी मोजलं. "एकही मत बाद नाही," ते खुशीत म्हणाले. "चेअरमनसाहेब सहा, बाई पाच."

आमच्यातला एक जण फुटला होता. कोण ते आजतागायत कळलेलं नाही. पण त्या दिवशी बाहेर लिंबाखाली उभे राहिलेल्या आमच्या माणसांना ते लगेच कळलं. बँककाका अप्पांसमोर गेले. "अप्पा, परवा तुमची शिडी कुणी नेली होती?"

"चेअरमनसाहेबांनी. टाकीचा कॉक बदलायचा होता."

"बघितलं मी. तुमच्या पाटीवर सही होती त्यांची. तुमच्या दारात येऊन किती वेळ उभे होते तेही बघितलं."

"शिडी मागितली, दिली. सही हाय म्हणताय की तुमी."

"सही हाय म्हणूनच विचारतोय," बँककाका म्हणाले. बाकीच्यांतलं कुणी वर बघेना.

अप्पा वळले आणि तडक आत गेले. मी मागोमाग. अधिकारी चिठ्ठ्या पाकिटात घालून सील करत होते. अप्पा म्हणाले, "साहेब, ते पाकीट फोडा. माझी खूण वाकडी हाय, डाव्या हाताची. बाईंच्या नावापुढं हाय. ह्या लोकांना दाखवा."

अधिकारी बिचारे दचकले. "आजोबा, तसं करता येत नाही. आणि तुमची खूण ओळखू आली असं ठरलं, तर तुमचं मत बाद होईल."

"होऊ दे की बाद. माझं हाय ठरलं म्हंजे झालं."

पाकीट कापडी पिशवीत गेलं. ओळखू आलं तर मत बाद, ओळखू आलं नाही तर माणूस बदनाम. असा कायदा आम्ही दोन निवडणुकांत दोन्ही बाजूंनी शिकलो.

अप्पा पुढे वकिलांकडेही गेले. माझ्या नावाने केस घाला, पाकीट उघडायला लावा म्हणाले. वकील म्हणाले, "अप्पा, त्यातून तुम्हाला मिळणार काय?" "माझं मत," अप्पा म्हणाले. वकिलांनी मला फोन केला. मी अप्पांकडे गेले आणि सरळ सांगितलं, "मला माहीत आहे तुम्ही मला मत दिलं. पुन्हा कोर्टाची पायरी नको. साकु." त्यांचाच कानडी शब्द मी त्यांना परत दिला, पुरे.

"तुम्हाला माहीत असून काय उपयोग बाई. गल्लीला माहीत न्हाय."

त्यानंतर संध्याकाळी कट्ट्यावर बसणं त्यांनी सोडलं. कट्ट्यावर जागा होती, पण ते आले की बोलणं थांबायचं, हे त्यांना कळत होतं. पाटी खिळ्यावरून काढून आत ठेवली. कुणी शिडी मागायला गेलं की अव्वा दारातूनच सांगायच्या, शिडी न्हाई. शिडी मागच्या अंगणात उभी दिसायची.  मी बँककाकांशी भांडले, आमच्या इतर माणसांशी भांडले. ते म्हणायचे, बाई तुम्ही भोळ्या आहात. मी भोळी! पंचवीस वर्षं नववीचा वर्ग हाकलाय मी.

मग सर्वसाधारण सभा लागली. आता न्यायालयाचा हुकूम नव्हता, आणि चेअरमनसाहेबांनी विषय आणलाच, मोकळा प्लॉट लॉनसाठी भाड्याने देणे. पण अशा गोष्टीला सगळ्या सभासदांची मंजुरी लागते, आणि सभेत मत गुप्त नसतं. हात वर करायचा असतो.

सभा शाळेच्या हॉलमध्ये होती. अप्पा सगळ्यांच्या आधी आले. दारात हजेरीच्या रजिस्टरवर सही केली, वेटोळं, वेटोळं, शेपटी, दोन ओळी खाऊन. आणि एकदम पुढच्या खुर्चीवर बसले, एकटे. शेजारची खुर्ची रिकामीच राहिली.

चेअरमनसाहेब छान बोलले. मीही बोलले, जरा जोरात बोलले, घरचे म्हणतात की फारच. मग बाजूने हात वर. सेक्रेटरींनी मोजले. मग विरोधात.

अप्पा उभे राहिले. बाकी सगळे बसून हात वर करत होते, हे उभे, लोकांकडे तोंड करून, उजवा हात सरळ वर. सेक्रेटरी मोजत मागपर्यंत गेले, परत आले, बेरीज केली. लोकांनी हात खाली घेतले. अप्पांचा वरच. वय झालेलं, खांदा थरथरत होता.

चेअरमनसाहेब म्हणाले, "अप्पा, मोजलं तुम्हाला. बसा आता."

"कुटं मोजलं?"

"विरोधात मोजलं."

अप्पा त्यांच्याकडे बघतच नव्हते. ते आमच्या माणसांकडे बघत होते. "सगळ्यांनी बघितलं का?"

 मला तोंड उघडायचं होतं, पण मी उपयोगाची नव्हते, हे मला त्यांनीच सांगितलं होतं. मागून बँककाका उठले. "बघितलं अप्पा. आणि मागचंही बघितलं असं समजा. बसा."

"समजा न्हाय," अप्पा म्हणाले. "जे बघितलं तेवढंच म्हणा."

बँककाकांनी अप्पांच्या त्या वर धरलेल्या हाताकडे नजर नेली. मग म्हणाले, "बघितलं."

तेव्हा अप्पांनी हात खाली घेतला. दुसऱ्या हाताने खांदा धरून बसले. मी पदर तोंडाला लावून रडत होते आणि लोकांना वाटलं प्लॉट वाचला म्हणून. प्लॉट वाचला होताच. विरोधाचे हात जास्त होते. बोअर अजून आमचाच आहे.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी दूध घ्यायला बाहेर आले तर बँककाका अप्पांच्या दारात उभे. "अप्पा, शिडी पाहिजे होती."

अप्पा आत गेले. बराच वेळ लागला. पाटी शोधत असावेत. बाहेर येऊन पाटी खिळ्याला टांगली, खडू हातात दिला. बँककाकांनी सही केली, ठळक, पूर्ण नाव घालून. दोघांनी मिळून शिडी गल्लीतून नेली. बँककाकांच्या घरी त्या दिवशी शिडीचं काही काम नव्हतं. दिवसभर ती त्यांच्या भिंतीला टेकून उभी होती, आणि संध्याकाळी त्यांनी ती परत केली.